गॅलरीतलं चाक

इंदूताई शेलार कुठल्याही वस्तूवर विश्वास ठेवायच्या आधी तिला टिचकी मारून बघत. संक्रांतीची सुगडं सगळ्याच बायका वाजवून घेतात, त्यात काही नवल नाही. पण इंदूताई कपबशी, कलिंगड, फरशी, दाराची फळी, काही म्हणजे काही सोडत नसत. टक् करायचं, मान किंचित कलती करून ऐकायचं आणि निकाल द्यायचा. "पक्कं आहे" नाहीतर "तडा आहे". मी हौसेने आणलेल्या नव्या कपांपैकी एकाला त्यांनी माझ्याच घरात, माझाच चहा पिता पिता तडा जाहीर केला. मला राग आला. पुढच्याच आठवड्यात त्या कपाचा कान माझ्या हातात राहिला आणि चहा साडीवर आला.

डोंबिवलीत आम्ही तिसऱ्या मजल्यावर शेजारी राहत होतो. गॅलऱ्या एकमेकींना चिकटलेल्या, मध्ये कमरेएवढी भिंत. मी ठाण्याला कोर्टात कारकून होते, म्हणून त्या मला "वकिलीणबाई" म्हणत. वकिलीशी माझा संबंध फायली उचलण्यापुरता होता, हे त्यांना पक्कं माहीत होतं. चिडवायची त्यांची तीच तऱ्हा होती. शेलारभावजी मोहने गावच्या कारखान्यात पाळीने जात. मुलगा महेश तेव्हा शाळेत होता. घरात चौथं माणूस नव्हतं, आणि मग आप्पा आले.

आप्पा म्हणजे इंदूताईंचे सासरे. कल्याणला कुंभारवाड्यात त्यांचं सगळं आयुष्य गेलं. ऐंशीच्या दशकात भावाभावांत जागेची वाटणी झाली, माती मिळेनाशी झाली, मडकी भाजायला आवा लावला की आजूबाजूचे नवे बिऱ्हाडकरू धुराच्या नावाने ओरडू लागले. आप्पांनी काम थांबवलं आणि ते मुलाकडे राहायला आले. येताना एक ट्रंक आणली, आणि एक चाक.

चाक दगडी होतं. चार हमालांनी ते दोरखंडाने बांधून वर चढवलं तेव्हा आमच्या सोसायटीचे सेक्रेटरी जिन्यात आडवे उभे राहिले. "स्लॅब खाली आला तर जबाबदार कोण?" आप्पा म्हणाले, "चाकानं आजवर कुणाचं वाईट केलेलं नाही." सेक्रेटरी याचा अर्थ लावेपर्यंत चाक त्यांच्या पुढे निघून गेलं.

ते घरात मावत नव्हतं, म्हणून गॅलरीत ठेवलं. भिंतीला टेकवून उभं केलं असतं तर कपडे वाळत घालण्यापुरती जागा उरली असती. पण आप्पांना ते चालेना. "चाक आडवंच असतं. उभं चाक म्हणजे मेलेलं चाक." मग सिमेंटचा ठोकळा केला, त्यात खुंटी बसवली आणि चाक तिच्यावर बसलं. शेलारांच्या गॅलरीत त्यानंतर वीतभर वाट उरली.

त्यांच्यात बाईने चाकाला हात लावायचा नसे. माती तुडवायची, खडे वेचायचे, गोळे करून द्यायचे, ओली मडकी लाकडी थापटण्याने ठोकून आकाराला आणायची, उन्हात फिरवायची, बाजारात विकायची, हे सगळं बायकांनीच करायचं. फक्त चाक पुरुषाचं. इंदूताईंचं माहेर मुरबाडच्या बाजूचं, तेही कुंभारांचंच. म्हणजे जन्मापासून त्या चाकाच्या हातभर अंतरावर होत्या आणि त्याला कधी शिवल्या नव्हत्या. मी एकदा विचारलं, "लहानपणी चोरून तरी कधी?"

"अगं, चोरून फिरवलं असतं," त्या म्हणाल्या, "पण मडकं कुठे लपवलं असतं?"

रोज सकाळी मी माझ्या गॅलरीत ब्रश करत उभी असायचे आणि पलीकडे इंदूताई कपडे वाळत घालायला येत. एका हातात पिळे, दुसऱ्या हाताने निऱ्या गच्च धरलेल्या, पाठ भिंतीला घासत, आडव्या चालीने त्या दोरीपर्यंत जात. पदराचं टोक जरी चाकावर पडलं तरी आत खाटेवर बसलेले आप्पा खाकरत. रागावत नसत. आप्पा कधी कुणावर रागावल्याचं मला आठवत नाही. नुसतं खाकरत, आणि इंदूताई पदर आवरून घेत. दसऱ्याला चाकाची पूजा व्हायची. नैवेद्य इंदूताई करत आणि ताट उंबऱ्यातूनच आप्पांच्या हातात देत.

दुपारी आप्पा गॅलरीत उकिडवे बसत आणि तळहाताने चाक ढकलत. रिकामं चाक बराच वेळ फिरत राही. ते बघून मला त्यांचीही कणव यायची. पण खरं सांगायचं तर राग जास्त यायचा, कारण त्या वेळात ओले कपडे बादलीत आंबत असायचे.

नव्वदच्या दशकाच्या मध्यात आमच्याकडे एका महिला मंडळाच्या हॉलमध्ये पॉटरीचा क्लास निघाला. कला शाळेतून नुकतीच बाहेर पडलेली रेवती नावाची मुलगी शिकवायला यायची. टाइपरायटरवर माझी बोटं आखडली होती आणि डॉक्टर म्हणाले होते, बोटांना वेगळं काहीतरी काम द्या. मी नाव घातलं आणि सोबतीला इंदूताईंना ओढलं. घरी त्यांनी भजनी मंडळ सांगितलं. शेलारभावजींना संशय आला असावा, पण तो माणूस भलता शहाणा. "मला काही सांगू नकोस," ते म्हणाले, "म्हणजे मला खोटं बोलायला नको."

पहिले काही दिवस इंदूताई भिंतीशी बसून सगळ्यांची माती मळून देत. बाकीच्या बायका खूश, कारण मळायचा सगळ्यांनाच कंटाळा. एक दिवस त्या उठल्या आणि रेवतीला म्हणाल्या, "मॅडम, हे विजेवर चालतं ना?"

"हो."

"बटण बंद केलं की थांबतं?"

"थांबतं की."

इंदूताईंनी त्या यंत्राला टिचकी मारली. पत्र्याचा आवाज आला. माझ्याकडे वळून त्या म्हणाल्या, "हे चाक नाही गं. हा मिक्सर आहे." आणि पदर खोचून बसल्या.

त्यांना काही येत नव्हतं. पहिला गोळा उडून रेवतीच्या ओढणीवर बसला. दुसरा वर येता येता मान टाकून पडला. पन्नाशीकडे झुकलेली ती बाई हसता हसता रडकुंडीला आली. त्यांच्या हातांना ठोकायची सवय, उचलायची नाही. शेवटी त्यांनी आपली एक युक्ती काढली. यंत्रावर जाड, ओबडधोबड भांडं उठवायचं आणि जरा सुकलं की माहेरच्या पद्धतीने थापटण्याने ठोकून पातळ करायचं. रेवती म्हणाली, असं कुणी करत नाही. इंदूताई म्हणाल्या, "मी करते ना." क्लासहून परतताना त्या रस्ताभर बोलत असत. एरवी त्या मुक्या नव्हत्या, पण त्या संध्याकाळी ऐकण्यासारख्या असायच्या.

त्याच सुमारास ठाण्याच्या एका केबलवाल्याने स्वतःचा चॅनेल काढला होता. त्यावर लग्नांच्या जाहिराती, आरत्या आणि पाककृती चालत. त्याने आता हौशी लोकांसाठी कुंभारकामाची स्पर्धा जाहीर केली. 'मातीची हौस' हे तिचं नाव. रेवतीने क्लासमधली नावं पाठवली. माझं पाठवलं नाही, हे तिच्या सदसद्विवेकबुद्धीला धरूनच होतं. इंदूताईंचं पाठवलं.

मला वाटलं, त्या घाबरतील. त्या गॅलरीत आल्या, आप्पा आत झोपलेत याची खात्री केली आणि भिंतीवरून वाकून हळू आवाजात म्हणाल्या, "वकिलीणबाई, मी जाणार. आयुष्यात एकदा बसून एक मडकं काढायचंय. माझं. सगळ्यांदेखत. टीव्हीवर झालं म्हणजे झालं, मग कुणी नाही म्हणायला उरत नाही." एवढंच त्यांना हवं होतं. बक्षिसाचा विषय त्यांच्या तोंडून मी कधी ऐकला नाही.

शेलारांकडे केबल नव्हती, त्यामुळे पहिल्या दोन फेऱ्या बिनबोभाट पार पडल्या. ठाण्याच्या एका हॉलमध्ये शूटिंग असायचं. पहिल्या फेरीत कप करायचे होते. इंदूताईंनी बिनकानाचा कप केला. परीक्षकांनी कारण विचारलं तर म्हणाल्या, "कान आधी तुटतो. मग देवाने दिलेले हात कशाला आहेत?" लोक हसले आणि त्या पुढच्या फेरीत गेल्या. दुसऱ्या फेरीत त्यांचं ठोकून पातळ केलेलं गाडगं परीक्षकांनी उजेडात धरून पाहिलं आणि पास केलं.

आणि मग तक्रार झाली. स्पर्धेतल्याच एका सद्गृहस्थांना कुठून तरी कळलं की शेलार म्हणजे जातीने कुंभार. स्पर्धा हौशी लोकांची. ज्यांचा पिढ्यानपिढ्यांचा धंदा, ते हौशी कसे? तसं बघितलं तर नियमाने त्यांचं म्हणणं चूक नव्हतं, आणि म्हणूनच मला ते जास्त झोंबलं. घरात ही बाई चाकाला शिवू शकत नाही, कारण ती बाई. स्पर्धेत यंत्रावर बसू शकत नाही, कारण ती कुंभार. मग तिने बसायचं तरी कुठे?

चॅनेलच्या पोरांनी यावर तोडगा काढला तो त्यांच्या धंद्याला शोभणारा. एका रविवारी न सांगता, कॅमेरा घेऊन, ते थेट शेलारांच्या दारात. मी गॅलरीत होते, सगळं बघितलं. इंदूताई त्या वीतभर वाटेत ओली चादर धरून उभ्या. आप्पा खाटेवर. निवेदक म्हणून एक तरतरीत पोरगा होता, त्याने माइक आप्पांच्या तोंडापुढे धरला.

"आजोबा, एकदम खरं सांगायचं हां. तुमच्या सूनबाईंनी कधी चाक फिरवलंय?"

आप्पा ताठ बसले. "छ्या! आमच्यात बाईचा हात चाकाला लागत नाही. हिच्या सासूचा लागला नाही, हिचा लागला नाही. चाळीस पिढ्यांत लागला नसेल."

"म्हणजे त्यांना काहीच येत नाही?"

"तिला कुठून येणार? माती मळते. माती चांगली मळते."

पोरगा कॅमेऱ्याकडे वळून म्हणाला, "बघितलंत मंडळी! ताई एकदम ओरिजिनल हौशी आहेत!" कोर्टात इतकी वर्षं काढून मी अशी साक्ष ऐकली नव्हती. ज्या गोष्टीने इंदूताईंना जन्मभर अडवलं, तिनेच त्यांना स्पर्धेत ठेवलं. जाता जाता त्या पोराची नजर गॅलरीतल्या चाकावर गेली आणि तिथेच अडकली.

माणसं गेल्यावर आप्पांनी विचारलं, "कशाला आलेले हे?"

इंदूताईंनी चादर दोरीवर टाकली आणि चाकाच्या पलीकडूनच सगळं सांगितलं. "मशीनवर करते, आप्पा. चाकावर नाही. बटणाचं आहे ते."

आप्पांनी उशाशी पडलेलं वर्तमानपत्र मांडीवर घेतलं. मी ब्रश तोंडात धरून थिजले होते. मग ते म्हणाले, "मशीनचं काय. मशीनला माझी हरकत नाही." आणि वर्तमानपत्र उघडलं. इंदूताईंचा चेहरा आधी उजळला आणि मग का कोण जाणे, उतरला. आप्पांनी परवानगी दिली होती. पण मशीनवर केलेलं ते काही मोजण्यासारखं नाही, हेही त्याच वाक्यात होतं.

अंतिम फेरीसाठी चॅनेलने टेम्पो पाठवून चाक ठाण्याला नेलं. स्टेजच्या सजावटीला हवं, म्हणाले. आप्पांना खास पाहुणे म्हणून बोलावलं. त्यांनी लग्नातला कोट काढला, टोपी घातली आणि पहिल्या रांगेत जाऊन बसले. मी त्यांच्या मागे बसले होते. अंतिम फेरीला तिघेजण होते. तक्रारवाले सद्गृहस्थ, मुलुंडची एक तरुणी आणि इंदूताई.

पडदा उघडला. स्टेजवर यंत्र नव्हतंच. मधोमध आप्पांचं चाक, झेंडूच्या माळांनी मढवलेलं. निवेदक ओरडला, "आजची फायनल, खऱ्या चाकावर!" हॉलमध्ये टाळ्या. इंदूताई विंगेत उभ्या होत्या. त्यांचे हात पदरात गेलेले मला दिसले.

सद्गृहस्थांनी चाकाच्या खाचेत दांडा घालून चाक फिरवायचा प्रयत्न केला तर दांडाच निसटला. तरुणीने कशीबशी एक वाटी काढली; ती काही कुंभारांच्या घरची नव्हती, आप्पा खाकरले नाहीत. मग इंदूताईंचं नाव पुकारलं.

त्या आल्या. चाकापासून हातभरावर थांबल्या. नेमक्या तेवढ्याच अंतरावर, जेवढं त्या जन्मापासून ठेवत आल्या होत्या. निवेदक म्हणाला, "बसा ताई, टेन्शन नका घेऊ. घरचंच चाक आहे!" कॅमेरा त्यांच्या तोंडाजवळ गेला. त्यांनी नमस्कार केला. चाकाला की लोकांना, कळलं नाही. मग त्यांनी पहिल्या रांगेकडे बघितलं.

आप्पा उठले.

मी मनात म्हटलं, संपलं. आता हे खाकरणार. पण आप्पांची नजर सुनेवर नव्हतीच. ती चाकावर होती. उजेडात, लोकांच्या मध्ये, इतक्या वर्षांनी. ते पायऱ्या चढले, कोट काढून निवेदकाच्या हातात दिला, टोपी त्यावर ठेवली आणि उकिडवे बसले. दांडा घातला. चाक घरंगळल्यासारखा आवाज करत फिरायला लागलं, आणि मागे न बघता त्यांनी उजवा हात मागे केला.

इंदूताई खाली बसल्या. मातीचा ढीग ओढला, माती मळली, गोळा केला आणि त्या हातात दिला.

सुगडं निघाली. एका गोळ्यातून एकामागून एक. आप्पा दोऱ्याने कापत, इंदूताई ओंजळीत घेऊन फळीवर मांडत आणि पुढचा गोळा करत. हॉल उभा राहिला. कॅमेरा आप्पांच्या बोटांवरून हलेना. निवेदक माइक उंचावून म्हणाला, "ही आहे आपली परंपरा! सासरे आणि सुनेची जोडी!" आप्पांना शाल, नारळ आणि विशेष सन्मान मिळाला. स्पर्धा मुलुंडच्या तरुणीने जिंकली. इंदूताईंनी काहीच केलं नव्हतं, म्हणून त्यांचा क्रमांक पुकारायचा प्रश्न आला नाही. त्यांना कुणी विचारलंही नाही.

हॉलच्या मागे नळावर त्या हात धूत होत्या. माती कधीच निघून गेली होती, तरी धूत होत्या. मी अक्षरशः भांडले. "तुम्ही बोलला का नाहीत?"

"काय बोलू? आप्पा, उठा, म्हणू? एवढ्या लोकांत?" त्यांनी नळ बंद केला. "हात बघितलेस त्यांचे? जरा म्हणून थरथर नाही." मग पदराला हात पुसत म्हणाल्या, "ते मला अडवायला नाही गं उठले. अडवायला उठले असते तर मी भांडले असते. खरंच भांडले असते. ते चाक बघून उठले. त्याला मी काय करू?"

 

टीव्हीवर झालं म्हणजे झालं, हे त्यांचं म्हणणं मात्र खरं ठरलं. तो भाग केबलवर पुन्हा पुन्हा दाखवला गेला. आप्पांना शाळांतून, मंडळांतून प्रात्यक्षिकाची आमंत्रणं येऊ लागली. आप्पा जात, चाक जाई, आणि माती मळायला इंदूताई जात. 'सासरे-सुनेची जोडी' म्हणूनच बोलवायचे ना. क्लासला यायला त्यांना सवड उरली नाही. रेवतीने दोनदा निरोप पाठवला. "सांग तिला, मिक्सर बिघडलाय," असं त्या म्हणाल्या आणि हसल्या. ते हसणं मला आवडलं नाही.

आप्पा गेले ते नव्वदच्या दशकाच्या अखेरीस, झोपेत, कुणाला त्रास न देता. त्यानंतरही इंदूताई कपडे वाळत घालताना पाठ भिंतीला घासतच जात. एकदा न राहवून मी भिंतीवरून म्हटलं, "आता कोण खाकरणार आहे?" त्या थबकल्या. "कुणी नाही," म्हणाल्या, आणि तशाच आडव्या दोरीपर्यंत गेल्या.

महेश तोवर नोकरीला लागला होता. त्याने घोडबंदर रोडला नव्या टॉवरमध्ये फ्लॅट घेतला. सामान हलवायच्या दिवशी मी रजा टाकली. चाक शेवटी निघालं. दुसऱ्या मजल्याच्या वळणावर ते अडकलं. हमाल घामाघूम. खाली पायरीवर इंदूताई उभ्या होत्या, त्यांना वर येता येईना. हमाल ओरडला, "ताई, बघत काय उभ्या? हात लावा!"

इंदूताईंनी दोन्ही हात वर केले. भिंतीला टेकल्या आणि तशाच राहिल्या. मी मध्ये घुसून चाकाला खांदा दिला तेव्हा ते सुटलं.

टेम्पोत गोणपाटावर चाक ठेवलं. मी विचारलं, "हे कुठे ठेवणार तिकडे?"

"हॉलमध्ये. महेश म्हणतो, टीव्हीवर आलेलं चाक आहे, शोभेला राहील. वर काच बसवून टीपॉय करणार." मग जरा थांबून, अगदी गंभीरपणे म्हणाल्या, "काचेला हात लागला तर चालेल ना गं? काच म्हणजे काही चाक नाही."

महेशने हॉर्न वाजवला. त्या पुढे बसायला निघाल्या आणि परत आल्या. आजूबाजूला बघितलं. टेम्पोच्या मागच्या फळीवरून आत वाकल्या आणि चाकाला टिचकी मारली. मान कलती करून ऐकलं.

"काय?" मी विचारलं.

"पक्कं आहे," त्या म्हणाल्या, आणि जाऊन पुढे बसल्या.